एनिग्मा२ रेकॉर्डरवर कस्टम इमेज टाकताना: पेनड्राइव्हच्या आधी आणि नंतर

मी पहिल्यांदा माझ्या सॅटेलाइट रेकॉर्डरवर कस्टम इमेज (कंपनीच्या जागी दुसऱ्या टीमने बनवलेलं सॉफ्टवेअर) टाकली तेव्हा ती टाकायला पाच मिनिटं लागली आणि टीव्ही पुन्हा पहिल्यासारखा चालू व्हायला अख्खा रविवार गेला. इमेजमध्ये काही खोट नव्हती, बॉक्सही धडधाकट होता, चूक सगळी माझी, जुनी सेटिंग कुठेच लिहून ठेवली नव्हती, डिशवरचा कोणता एलएनबी (डिशच्या तोंडाशी बसवलेला, सिग्नल पकडणारा डबा) स्विचच्या कोणत्या पोर्टला लावलाय हे मला कधी माहीतच नव्हतं, आणि तीन वर्षं एकेक करून लावलेली चॅनेल लिस्ट क्षणात गायब. त्यामुळे इथे प्रत्यक्ष फ्लॅश कसं मारायचं, म्हणजे इमेज बॉक्सच्या मेमरीत कशी लिहायची, ते आहेच, पण जास्त जागा त्याच्या आधीच्या आणि नंतरच्या कामाला दिलीय. मधलं काम बॉक्स स्वतःच करतो हो.

सगळ्यात आधी आपला बॉक्स त्यातला आहे का ते बघा. डीटीएच कंपनीने कनेक्शनसोबत दिलेला रेकॉर्डर असेल तर विषय सोडून द्या, त्यातला बूटलोडर, म्हणजे बॉक्स सुरू करणारा पहिला छोटा प्रोग्राम, कंपनीची डिजिटल सही असलेलं सॉफ्टवेअरच चालू करतो, दुसरं काही दिलंत तर ढुंकूनही बघत नाही, आणि त्यातली रेकॉर्डिंगसुद्धा त्याच बॉक्सला बांधलेली असतात. मी बोलतोय ते लिनक्सवर चालणाऱ्या उघड्या बॉक्सबद्दल, म्हणजे व्हीयू प्लस, ड्रीमबॉक्स, एक्सट्रेंड, झेमा, गिगाब्लू वगैरे. यांच्यावर एनिग्मा२ नावाचं सॉफ्टवेअर चालतं, काही भाग सी प्लस प्लसमध्ये, बराचसा पायथनमध्ये, आणि सोर्स जीपीएल या मुक्त परवान्याखाली खुला. ड्रीमबॉक्सच्या सुरुवातीच्या मॉडेलांवर नुसतं एनिग्मा होतं, डीएम७०२५ पासून एनिग्मा२ आलं आणि मग बाकीच्या कंपन्यांनीही तेच उचललं. सोर्स खुला असल्यामुळे ओपनपीएलआय, ओपनएटीव्ही, ओपनव्हिक्स अशा टीम स्वतःची इमेज बनवतात. इमेज म्हणजे कर्नल (लिनक्सचा गाभा), ड्रायव्हर, एनिग्मा२ आणि वरचा सगळा मेनू, सगळं एका गाठोड्यात.

पण एक तुकडा खुला नसतो, ट्यूनरचा (सिग्नलमधून चॅनेल पकडणारा भाग) आणि व्हिडिओ चिपचा ड्रायव्हर. तो कंपनीकडून तयार बायनरी येतो आणि ठरावीक कर्नलशीच जुळतो, म्हणून प्रत्येक मॉडेलची इमेज वेगळी असते. सोलो, सोलो२, सोलो ४के ही नावं भावंडांसारखी वाटतात पण आतून तिघांचं एकमेकांशी देणंघेणं नाही. बॉक्सच्या मागचं किंवा खालचं स्टिकर वाचा, आठवणीवर जाऊ नका. आणि बॉक्स स्वस्तात मिळालेला असेल तर तो अस्सल आहे की नक्कल तेही बघून घ्या, कारण नकली बॉक्स ओळखून तो अडकवणारे ड्रायव्हर काही कंपन्यांनी मुद्दाम आणले होते, अशा बॉक्सवर नवी इमेज टाकणं म्हणजे जुगार.

मग कस्टम इमेज का टाकायची, तर माझ्यापुरतं कारण साधं होतं, मूळ फर्मवेअरला अपडेट यायचं बंद झालं होतं आणि सिरियल दहा मिनिटं उशिरा सुरू झाली की शेवट कापला जायचा. टीमच्या इमेज कंपनीने हात वर केल्यावरही वर्षानुवर्षं चालू राहतात. ऑटोटायमर मिळतो, नाव दिलं की तो गाइडमधून स्वतः शोधून रेकॉर्ड लावतो. ओपनवेबिफ मिळतं, म्हणजे ब्राउझरमधून बॉक्सचा सगळा कारभार. काय नाही मिळत तेही सांगतो, फुकटात पे चॅनेल नाही मिळत, त्याला तुमचं कार्ड किंवा सीआय मॉड्यूल (कार्ड बसवायचा अडॅप्टर) लागतंच, आणि ज्याला त्याच कारणासाठी इमेज टाकायचीय त्याने इथपर्यंत वाचलं तेवढं पुरे.

कोणती इमेज घ्यायची यावर लोक तासन्‌तास भांडतात. माझं मत, पहिल्यांदा करताय तर ज्या टीमच्या डाउनलोड यादीत तुमचं मॉडेल आहे आणि जिची शेवटची इमेज अलीकडची आहे ती घ्या, स्किन, म्हणजे मेनूचं रूप, किती चकचकीत आहे ते बघू नका. ओपनपीएलआय साधी आणि हलकी, ओपनएटीव्हीत मेनूंचा सुळसुळाट पण हवं ते सगळं सापडतं. जुन्या बॉक्सवर हलकी इमेज टाका, उगाच सगळी प्लगिन (जोड प्रोग्राम) कोंबू नका, रॅम कमी असते आणि मग रिमोटचं बटण दाबल्यावर बॉक्स विचार करत बसतो.

आता आधीचं काम, आणि हे मनापासून करा.

मोबाइल घ्या आणि टीव्हीसमोर बसा. मेनूत ट्यूनर कॉन्फिगरेशनमध्ये जा आणि प्रत्येक ट्यूनरच्या प्रत्येक पानाचा फोटो काढा. नुसतं वरचं पान नाही, आत जाऊन एलएनबीचं पानसुद्धा. तिथे तुम्हाला दिसेल युनिव्हर्सल एलएनबी, म्हणजे लोकल ऑसिलेटर (सिग्नलची फ्रिक्वेन्सी खाली उतरवणारा भाग) ९७५० आणि १०६०० मेगाहर्ट्झ, किंवा सी बँडवाल्यांना ५१५०, किंवा युनिकेबल (एकाच केबलवर अनेक ट्यूनर) असेल तर युजर बँडचा (त्या केबलवर तुमच्या ट्यूनरला दिलेल्या जागेचा) नंबर आणि फ्रिक्वेन्सी. युनिकेबलवाल्यांनो, तो नंबर जिवापाड जपा, एकाच केबलवर दोन बॉक्सने तोच नंबर घेतला तर दोघंही एकमेकांचं चॅनेल पाडतात आणि कोण पाडतंय ते कळायला आठवडा जातो. डायसेक स्विच (अनेक एलएनबी एका केबलला जोडणारा) असेल तर ए, बी, सी, डी यातल्या कुठल्या पोर्टवर कुठला उपग्रह ते. आणि मागे जाऊन बघा की केबल खरोखर किती आल्यात. एक की दोन? हा प्रश्न बावळट वाटतोय पण पुढे त्याच्यावर माझी एक रडकथा आहे.

मग बॅकअप. दोन प्रकारचे घ्यायचे आणि दोन्ही घ्यायचे. पहिला पूर्ण इमेजचा बॅकअप, बहुतेक इमेजमध्ये इमेज बॅकअप किंवा फुल बॅकअप असा पर्याय असतो, तो आत्ता चालू असलेल्या सगळ्याचं गाठोडं बांधून डिस्कवर किंवा पेनड्राइव्हवर ठेवतो, आणि ते गाठोडं नंतर जसंच्या तसं परत फ्लॅश करता येतं. नवीन इमेज आवडली नाही तर हा परतीचा रस्ता. दुसरा बॅकअप म्हणजे कामाच्या फाइल वेगळ्या काढून ठेवायच्या. कॉम्प्युटरवरून एफटीपीने (नेटवर्कवरून फाइल नेण्याआणण्याची पद्धत) बॉक्सला जोडा, ईटीसी फोल्डरच्या आत एनिग्मा२ नावाचं फोल्डर आहे ते अख्खं कॉपी करा. त्यात काय असतं ते माहीत असलेलं बरं: लेमडीबी नावाची फाइल, तिच्यात स्कॅन झालेले सगळे ट्रान्सपॉन्डर (उपग्रहावरच्या फ्रिक्वेन्सी, एकेकीवर अनेक चॅनेल असतात) आणि चॅनेल. युजरबुके नावाने सुरू होणाऱ्या फाइल, त्या तुमच्या फेव्हरिट लिस्ट. बुके डॉट टीव्ही ही त्या लिस्टचा क्रम सांगणारी फाइल. टायमर्स डॉट एक्सएमएल मध्ये लावलेली रेकॉर्डिंग. आणि सेटिंग्ज नावाची फाइल, ज्यात बाकी झाडून सगळं.

यातली सेटिंग्ज फाइल फक्त वाचायला ठेवा, नवीन इमेजमध्ये टाकू नका, निदान टीम बदलत असाल तर अजिबात नको. प्रत्येक टीमचे पर्याय थोडे वेगळे, आणि एकाची सेटिंग दुसऱ्यात घातली की वरवर सगळं ठीक दिसतं आणि मग महिनाभराने काहीतरी विचित्र होतं ज्याचा पत्ताच लागत नाही. लेमडीबी, बुके आणि टायमर मात्र बिनधास्त नेता येतात. तसंच जुनी प्लगिन कॉपी करून नेऊ नका, नव्या इमेज पायथन ३ वर आहेत आणि पायथन २ साठी लिहिलेलं प्लगिन टाकलं की ते चालत नाही, कधी तर बॉक्स सुरू होतानाच कोसळतो आणि क्रॅशचा एररने भरलेला स्क्रीन तोंडावर येतो.

डिस्कवरच्या रेकॉर्डिंगची काळजी करणारे बरेच असतात. इमेज आतल्या फ्लॅश मेमरीत जाते, हार्ड डिस्कला हात लावत नाही. तरी जिवाची घालमेल होत असेल आणि डिस्क बाहेरून लावलेली असेल तर काढून ठेवा, काही बिघडत नाही. रेकॉर्डिंग कॉम्प्युटरवर कॉपी करत असाल तर एक लक्षात ठेवा, एक कार्यक्रम म्हणजे एक फाइल नाही, मूळ टीएस फाइलच्या सोबत त्याच नावाच्या मेटा, एपी, एससी, कट्स, ईआयटी अशा छोट्या फाइल असतात, त्या मागे राहिल्या तर कार्यक्रम चालतो पण नाव-वर्णन जातं आणि पुढे-मागे उड्या मारताना अडखळतो.

आता पेनड्राइव्ह. बूटलोडर हा फार अडाणी प्राणी आहे, त्याला नवीन झगमगीत पेनड्राइव्ह कळत नाहीत. ड्रॉवरमध्ये पडलेला जुना, छोटा, यूएसबी २.० चा, ४ किंवा ८ जीबीचा शोधा. एफएटी३२ मध्ये फॉरमॅट मारा, एकच पार्टिशन, पार्टिशन टेबल एमबीआर प्रकारचं. ६४ जीबीचा घेतलात तर विंडोज त्याला सहसा एक्सफॅट करून देतो आणि बॉक्स तो पेनड्राइव्ह आहे असं मानतच नाही.

झिप उतरवली की चेकसम (फाइल पूर्ण उतरली का ते पडताळायचा आकडा) दिलेलं असेल तर जुळवून बघा, अर्धवट उतरलेली झिप हे फसण्याचं नेहमीचं कारण. मग ती एक्स्ट्रॅक्ट करा, आणि इथे माझे दोन तास गेले होते म्हणून जरा जवळून दाखवतो. सोलो२ चं उदाहरण घ्या. झिपच्या आत व्हीयूप्लस नावाचं फोल्डर असतं, त्याच्या आत सोलो२ नावाचं फोल्डर, आणि त्याच्या आत फाइल: कर्नलची एक, रूट फाइलसिस्टिमची एक, इनिटआरडीची एक, सुरुवातीच्या चित्राची एक, आणि एकदोन बारक्या टेक्स्ट फाइल. बूटलोडर पेनड्राइव्हच्या अगदी वरच्या पातळीवर व्हीयूप्लस शोधतो. पण विंडोजमध्ये राइट क्लिक करून एक्स्ट्रॅक्ट ऑल म्हटलं की तो झिपच्याच नावाचं लांबलचक फोल्डर बनवतो आणि सगळं त्याच्या पोटात घालतो. मी ते लांबलचक फोल्डर तसंच उचलून पेनड्राइव्हवर टाकलं. बॉक्स चालू केला, काही नाही, जुनीच इमेज सुरू. परत केलं, परत तेच. पेनड्राइव्ह बदलला, यूएसबी पोर्ट बदलला, झिप पुन्हा उतरवली, शेवटी बॉक्सच खराब आहे असं ठरवून टाकलं, आणि मग चहा पिताना लॅपटॉपवर पेनड्राइव्ह उघडा दिसला आणि डोक्यात प्रकाश पडला. एक पातळी. फक्त एक पातळी जास्त होती.

यातच दुसरा उपयोग कळतो, चुकून दुसऱ्या मॉडेलची इमेज टाकलीत तर सहसा काहीच होत नाही, कारण बॉक्स आपल्या नावाचं फोल्डर शोधतो आणि ते नसलं की गपचूप पुढे जातो. म्हणून कोणी शहाणा सांगेल की फोल्डरचं नाव बदलून बघ, तर अजिबात बदलू नका, ते कुलूप तुमच्याच भल्यासाठी आहे.

त्या बारक्या टेक्स्ट फाइलकडे लक्ष द्या. व्हीयू प्लसच्या काही इमेजमध्ये फोर्स डॉट अपडेट नावाची फाइल असते, ती असेल तर बॉक्स काही न विचारता फ्लॅश करतो, आणि रीबूट डॉट अपडेट असेल तर झाल्यावर स्वतःच रीस्टार्ट होतो. एक्सट्रेंडच्या इमेजमध्ये नोफोर्स नावाची फाइल येते, तिचं नाव बदलून फोर्स केलं की तोही न विचारता सुरू होतो. आता या दोन गोष्टी एकत्र करा आणि पेनड्राइव्ह मागेच विसरा. बॉक्स फ्लॅश झाला, तुम्ही तासभर बसून सगळं सेट केलं, रात्री मागचं बटण बंद केलं, सकाळी चालू केलं की बॉक्सला पेनड्राइव्ह दिसतो, तो इमानदारीत परत फ्लॅश मारतो आणि तुमचा कालचा तास पाण्यात. त्यामुळे काम झालं की पेनड्राइव्ह काढा, आधी काढा, मग टाळ्या वाजवा.

प्रत्यक्ष फ्लॅश असं. बॉक्स मागच्या स्विचने बंद, रिमोटच्या स्टँडबायने नाही. डिशच्या केबल राहू द्या. पेनड्राइव्ह पुढच्या पोर्टला, पुढे नसेल तर मॉडेलच्या माहितीत जो सांगितलाय त्याला, सगळे पोर्ट बूटलोडरला चालतात असं नाही. स्विच चालू करा आणि डिस्प्लेकडे बघा. बहुतेक मॉडेल डिस्प्लेवर अपडेट करायचं का म्हणून विचारतात आणि पुढचं पॉवर बटण दाबायला सांगतात, तेव्हा लगेच दाबा, थोड्या सेकंदांची मुदत असते आणि गेली की गाडी पुढे जाते. ज्यांना डिस्प्ले नाही त्यांचे दिवे लुकलुकतात, ते नीट वाचायला मॉडेलचीच माहिती बघा. मग हात मागे बांधून उभे राहा. टक्केवारी मध्येच थांबल्यासारखी वाटते, रूट फाइलसिस्टिम मोठी असते, लिहायला वेळ लागतो. पहिल्यांदा बूट व्हायलाही नेहमीपेक्षा जास्त वेळ लागतो, काळा स्क्रीन दिसला म्हणून दोन मिनिटांत स्विच खेचू नका.

मध्येच लाइट गेली तर? घाबरू नका, खरंच. बूटलोडर वेगळ्या जागी असतो, इमेज त्याच्यावर लिहिली जात नाही, म्हणून अर्धवट इमेजवाला बॉक्स मेल्यासारखा दिसला तरी पेनड्राइव्ह लावून परत सुरू केला की परत फ्लॅश होतो. खरा धोका बूटलोडरच अपडेट करताना, तेव्हा मात्र वीज जाऊन चालत नाही, आणि म्हणूनच टीमने स्पष्ट सांगितल्याशिवाय बूटलोडर अपडेट करायच्या भानगडीत पडू नका, नवीन आहे म्हणून तर नकोच. अगदीच काही कळेना झालं आणि बॉक्सला मागे सीरियल पोर्ट असेल तर नल मोडेम केबल लावून टर्मिनल उघडा, व्हीयू प्लसला ११५२००, आठ बिट, पॅरिटी नाही, एक स्टॉप बिट. बूटलोडर काय बडबडतोय ते सगळं तिथे वाचता येतं, पेनड्राइव्ह दिसला नाही की फाइल सापडली नाही हे तो सरळ लिहून सांगतो.

नेटवर्कवरूनही फ्लॅश करता येतं, इमेजच्या मेनूतूनच नवीन इमेज उतरवून ती स्वतःला बदलते, काही नव्या बॉक्सवर तर मल्टिबूट करून दोनचार इमेज शेजारी शेजारी ठेवता येतात. मस्त सोय आहे. पण पहिल्यांदा पेनड्राइव्हनेच करा, म्हणजे काही अडलं तर परत कसं यायचं ते हाताला माहीत असतं.

आता नंतरचं. विझार्ड येतो, भाषा, नेटवर्क, टाइमझोन हे पटापट. लॅन केबल लावलेली बरी, वायफायचं नंतर बघा. कुठेतरी डिस्क इनिशियलाइज किंवा फॉरमॅट करायची का असं विचारेल, तिथे थांबा आणि नाही म्हणा, या विझार्डमध्ये तुमची रेकॉर्डिंग घालवणारी ही एकच जागा आहे आणि माणूस नेक्स्ट नेक्स्ट करत नेमका तिथेच ओके दाबतो. जुना बॅकअप सापडलाय, परत आणू का, असंही काही इमेज विचारतात. त्याच टीमची इमेज असेल तर हो म्हणा, दुसऱ्या टीमची असेल तर नाही.

मग ट्यूनर, आणि माझी रडकथा. माझ्या बॉक्समध्ये दोन ट्यूनर, पण डिशवरून केबल एकच आलेली. विझार्डने दोन्ही ट्यूनर दिसले म्हणून दोन्हींना तोच उपग्रह लावून दिला आणि मी ओके केलं. चॅनेल सगळी लागत होती, मी खूश. दोन दिवसांनी मॅच रेकॉर्डला लावली आणि बायको दुसरं चॅनेल बघत होती. रात्री येऊन बघतो तर यादीत मॅचचं नाव आहे आणि फाइल शून्य बाइटची. झालं असं की बॉक्सला वाटलं दुसरा ट्यूनर मोकळा आहे, त्याने रेकॉर्डिंग त्याच्यावर ढकललं, आणि त्या ट्यूनरच्या पाठीला केबलच नाही.

म्हणून हे समजून घ्या. साधा युनिव्हर्सल एलएनबी एका केबलवरून एका वेळी उपग्रहाच्या सिग्नलच्या चार भागांपैकी फक्त एक भाग देतो. १३ व्होल्ट दिले की व्हर्टिकल, १८ दिले की हॉरिझाँटल, २२ किलोहर्ट्झचा टोन नसला की ११७०० मेगाहर्ट्झच्या खालचा लो बँड, टोन दिला की वरचा हाय बँड. चार जोड्या, त्यातली एका वेळी एक. एका केबलवर दुसरा ट्यूनर लूप करून (पहिल्या ट्यूनरमधून छोटी केबल पुढे नेऊन) घेतला तरी तो पहिल्याने निवडलेल्या जोडीतलीच चॅनेल घेऊ शकतो. तर केबल एकच असेल आणि लूप असेल तर दुसऱ्या ट्यूनरला पहिल्याशी जोडलेला असं सांगायचं, लूप नसेल तर दुसरा ट्यूनर सरळ बंद करायचा. मग बॉक्स खोटं बोलत नाही, दोन गोष्टी एकदम जमत नसतील तर आधीच कॉन्फ्लिक्ट आहे म्हणून सांगतो. एफबीसी ट्यूनरवाल्यांकडे (एकाच तुकड्यात अनेक ट्यूनर) आतमध्ये आठ डीमॉड्युलेटर, म्हणजे सिग्नल उलगडणारे भाग, असतात, त्यामुळे मेनूत ए पासून एच पर्यंत ट्यूनर दिसतात, पण केबल जेवढ्या तेवढ्याच, नियम तोच. दोन केबल असतील तरी दुसरी खरंच चालते का ते बघा, सिग्नल फाइंडरमध्ये ट्यूनर बी निवडून एखादा ट्रान्सपॉन्डर लावा. एजीसी (सिग्नलची ताकद) असेल पण एसएनआर (सिग्नलचा दर्जा) शून्य असेल तर केबल आहे पण लॉक नाही, म्हणजे बहुतेक डायसेकचा पोर्ट चुकला किंवा उपग्रह चुकला. फोटो काढले होते ना, ते आता उघडा.

ट्यूनर झाले की जुनी चॅनेल लिस्ट. इथे एक सापळा आहे ज्यात जवळजवळ प्रत्येक जण एकदा पडतो. एनिग्मा२ चालू असताना तुम्ही एफटीपीने टायमर किंवा सेटिंगची फाइल बदलली, मग रीस्टार्ट केलं, आणि बघता तर तुमचा बदल गायब. कारण बंद होताना एनिग्मा२ स्वतःच्या मेमरीतलं सगळं परत डिस्कवर लिहितो, तुमच्या फाइलवर. म्हणून आधी टेलनेट किंवा एसएसएचने (कॉम्प्युटरवरून बॉक्सला कमांड देण्याचे मार्ग) आत जा, इनिट लिहून स्पेस देऊन ४ टाइप करा, एंटर. स्क्रीन जातो, एनिग्मा२ झोपला. आता लेमडीबी, बुके, टायमर या फाइल जागेवर टाका. मग इनिट ३, आणि तो उठतो तो तुमच्या फाइल वाचूनच. मध्ये एखादी फाइल हाताने एडिट करायची असेल तर विंडोजच्या जुन्या नोटपॅडने करू नका, ओळीच्या शेवटी जास्तीचं अक्षर घुसतं आणि लिस्ट वाचताना घोळ होतो, नोटपॅड प्लस प्लस घ्या आणि युनिक्स लाइन एंडिंग ठेवा.

जुनी लिस्ट फार शिळी असेल तर सरळ नवीन स्कॅन मारा. वर्षानुवर्षांच्या बंद पडलेल्या चॅनेलांची मढी नव्या इमेजमध्ये कशाला वाहायची.

डिस्क बघा. टेलनेटमध्ये डीएफ टाइप केलं की कुठे काय जोडलंय ते दिसतं, मीडियाच्या आत एचडीडी म्हणून तुमची डिस्क तिच्या खऱ्या साइजसकट दिसली पाहिजे. नसेल आणि तरी रेकॉर्डिंग लावलंत तर ते आतल्या इवल्याशा फ्लॅशमध्ये जाऊन ती तुडुंब भरू शकतं आणि मग बॉक्स बूटच नीट होत नाही. डिस्क नवीन लावत असाल तर ईएक्सटी४ मध्ये फॉरमॅट करा. एफएटी३२ रेकॉर्डिंगला निरुपयोगी आहे, गणित करून बघा, ८ मेगाबिटचं एचडी चॅनेल म्हणजे सेकंदाला १ मेगाबाइट, तासाला ३.६ जीबी, आणि एफएटी३२ वर एक फाइल ४ जीबीच्या पुढे जात नाही, म्हणजे सव्वा तास पण गाठणार नाही, सिनेमा अर्धवटच.

घड्याळ. पहिल्या बूटला बॉक्सला १ जानेवारी १९७० वाटत असलं तर हसून सोडून द्या, उपग्रहावरून किंवा नेटवरून वेळ आली की सुधारतो. काही ट्रान्सपॉन्डरवर वेळच चुकीची प्रसारित होते आणि मग टायमर सगळे सरकतात, तेव्हा मेनूत वेळ एनटीपीने, म्हणजे नेटवरून, घ्या असं करून ठेवा. रेकॉर्डिंगच्या आधी ३ मिनिटं आणि नंतर १० मिनिटं जास्तीची लावा, ज्या कारणासाठी मी हा सगळा खटाटोप केला ते हेच. पण लागोपाठचे दोन कार्यक्रम वेगळ्या चॅनेलवर असतील तर तीच जादाची मिनिटं एकमेकांवर चढतात आणि एका केबलवाल्याला कॉन्फ्लिक्ट येतो, तेव्हा नंतरचं मार्जिन कमी करा.

गाइड पहिल्या दिवशी रिकामं दिसणार. उपग्रहावरचं ईपीजी (म्हणजे हेच गाइड) बॉक्स त्या त्या ट्रान्सपॉन्डरवर गेल्यावरच गोळा होतं, म्हणून ईपीजी रिफ्रेश प्लगिन टाकून रात्री सगळीकडे एक फेरी मारायला लावा, किंवा ईपीजी इम्पोर्टने नेटवरून एक्सएमएल घ्या. ईपीजीची फाइल आतल्या फ्लॅशमध्ये न ठेवता डिस्कवर ठेवा.

पासवर्ड. बऱ्याच इमेजमध्ये रूट युजरला पासवर्डच नसतो, टेलनेट उघडं, वेब पान उघडं. घरातल्या नेटवर्कपुरतं एक वेळ ठीक, पण बाहेरून मोबाइलवर टीव्ही बघता यावा म्हणून राउटरवर पोर्ट उघडलात तर जगाला चावी दिलीत. टेलनेटमधून पासडब्ल्यूडी कमांड चालवून पासवर्ड लावा, आणि बाहेरून यायचंच असेल तर व्हीपीएनने या.

पुढचे अपडेट मेनूतून येतात किंवा ओपीकेजीने (सॉफ्टवेअरचे भाग बसवणारी कमांड), आधी ओपीकेजी अपडेट मग ओपीकेजी अपग्रेड. रेकॉर्डिंग चालू असताना करू नका. मोठ्या व्हर्जनवरून दुसऱ्या मोठ्या व्हर्जनवर मात्र असं चढत जाऊ नका, त्याला सरळ पेनड्राइव्हने नवीन फ्लॅश मारलेला बरा.

सगळं मनासारखं झालं, दोन-चार दिवस चालवून बघितलं, एक रेकॉर्डिंग चालू ठेवून दुसरं चॅनेल बघितलं, बॉक्स डीप स्टँडबायमधून (जवळजवळ पूर्ण बंद अवस्था) टायमरला स्वतः उठला, की परत एक पूर्ण इमेज बॅकअप घ्या, तारीख टाकून कॉम्प्युटरवर ठेवा. ट्यूनरचे नवे फोटो पण त्याच फोल्डरमध्ये. माझ्याकडे आता बॉक्सच्या खाली एक कागद चिकटवलाय, पोर्ट ए कुठला, बी कुठला, केबल १, ट्यूनर बी बंद.